उभी केलेली विहीर
लेखमाला : दगडाचे गणित – लेखांक सहावा

मागच्या आठवड्यात आपण तुळईपाशी थांबलो होतो. दोन खांब आणि वर आडवा दगड. दगड दाब सोसतो तेवढा ताण सोसत नाही. आडव्या दगडावर भार आला की त्याची खालची बाजू ताणली जाते आणि तडा तिथूनच जातो. हेमाडपंती देवळांत खांबांची दाटी असते ती यामुळे. ही अडचण कशी सुटते, ते पाहायला मोडनिंबच्या शिवारातली एखादी जुनी बांधीव विहीर पुरेशी आहे.

मोडनिंबला लागूनच अरण, सावता महाराजांचे गाव. हा मुलूख मोटेच्या पाण्यावर जगलेला. विहिरीत खाली खडक लागतो, पण वरचा माती-मुरमाचा थर ढासळू नये म्हणून त्याला दगडांचे गोल कडे बांधतात. माती चहूबाजूंनी आत रेटते. प्रत्येक दगड आत पडायला बघतो, आणि शेजारचे दोघे त्याला दाबून धरतात. रेटा जितका जास्त, तितके कडे घट्ट. ताण कुठेच नाही, सगळा दाबच. आता हे कडे मनातल्या मनात मधोमध कापा, त्यातले अर्धे उचला आणि दोन भिंतींवर उभे करा. झाली अर्धगोल कमान.

बांधायला आधी खाली लाकडी साचा लागतो. एक खुंटी, एक दोरी, एवढ्यावर गोलाई आखता येते. सगळीकडे वाक एकसारखा, म्हणून पाचरीसारखे सगळे दगड एकाच मापाने घडवता येतात. अर्धगोल कमानीची खरी स्वस्ताई इथे आहे. दोन्ही बाजूंनी दगड चढवत आणतात, शेवटचा माथ्यावर बसवतात आणि मग साचा काढतात. त्या शेवटच्या दगडाला आपण ‘कळीचा दगड’ म्हणतो आणि त्याचे फार कौतुक करतो. मला ते पटत नाही. विहिरीच्या कड्यात कळीचा दगड कोणता ते दाखवा! कमानीतही प्रत्येक दगड तितकाच गरजेचा, मधला फक्त शेवटी आलेला.

कमानीला खोड एकच. ओल्या सारवणावर फाकवलेले पाय जसे बाहेर सरकतात, तसे तिचे पायथे बाहेर रेटतात. त्यांना आवरायला बाजूला जाड भिंत हवी, नाहीतर शेजारी दुसरी कमान. रोमन लोकांनी हे ओळखले आणि कमानींच्या ओळीच उभ्या केल्या. फ्रान्समधला पाँ द्यु गार हा त्यांचा पाण्याचा पूल तीन मजली कमानींचा, सुमारे ४९ मीटर उंच, आणि दोन हजार वर्षांनंतरही उभा आहे.

मग आपल्याकडे? बार्शीपलीकडे, धाराशिव जिल्ह्यात तेर आहे. प्राचीन तगर, गोरोबाकाकांचे गाव. तिथले त्रिविक्रम मंदिर विटांचे, सुमारे दीड हजार वर्षांचे. मुळात ते बौद्ध चैत्यगृह असावे, असे बरेच अभ्यासक मानतात. मागची बाजू अर्धगोल, छप्पर गजपृष्ठ, म्हणजे हत्तीच्या पाठीसारखे. पाहताना वाटते, सापडली आपली पहिली कमान! पण विटांचे थर बघा. ते आडवेच आहेत. प्रत्येक थर खालच्यापेक्षा थोडा पुढे सरकवत दोन्ही बाजू माथ्यावर जुळवल्या आहेत. आकार कमानीचा, काम तुळईच्या जातीचे. कार्ले-भाज्याच्या चैत्यकमानीही लाकडी घराची नक्कल करून डोंगरात कोरलेल्या; तिथे भार डोंगरच पेलतो. कड्याचे गणित इतके सोपे, तरी ते उभे करायला इथे शतके लागली, याचे मला अजून नवल वाटते.

चौदाव्या शतकात बहमनी राजवट आली आणि खरी कमान दख्खनभर रुजली, पण टोकदार. सोलापूरचा किंवा परंड्याचा किल्ला पाहिलेल्यांना ती ओळखीची आहे. तिच्याविषयी पुढच्या आठवड्यात. अर्धगोल कमान पोर्तुगीजांनी आणली. जुन्या गोव्यातली व्हाइसरॉयची कमान १५९९ ची.

आपल्या भागात तिचा प्रसार झाला तो रेल्वेमुळे. जीआयपी रेल्वे १८६० मध्ये सोलापूरला पोचली. ओढ्यानाल्यांवर मोऱ्या आणि पूल झपाट्याने हवे होते, आणि एका मापाचे दगड शेकडोंनी घडवणे सोयीचे होते. बोरघाटाची वाट १८६३ मध्ये खुली झाली. तिथल्या एका दरीवर दगडी कमानींची रांग होती. चारच वर्षांत, १८६७ च्या पावसाळ्यात, ती कोसळली. रांगेत शेजारी शेजाऱ्याला तोलतो, म्हणून एक गेली की पुढचीचा आधार जातो. चौकशीत बांधकाम कच्चे निघाले आणि रेल्वेला आपली इतर दगडी कामेही तपासायला घ्यावी लागली.