मूकपटांतील स्वामिनिष्ठा आणि एक शेतकरी

धन्यासाठी प्राण वेचणारा वीर हा मूकपटांचा लाडका नायक होता. जपानातही आणि महाराष्ट्रातही. जपानात १७०३ साली सत्तेचाळीस सामुराईंनी मृत धन्याचा सूड उगवला आणि त्याची किंमत प्राणांनी मोजली. ही 'चुशिंगुरा' कथा तेथील चित्रपटकारांनी पुनःपुन्हा पडद्यावर आणली. पडद्याशेजारी उभा राहून 'बेन्शी' नावाचा निवेदक सर्व पात्रांचे संवाद बोलत असे, त्यामुळे निरक्षर माणसालाही कथा कळे. इकडे कोल्हापूरच्या बाबूराव पेंटर यांनी १९२३ साली ह. ना. आपटे यांच्या कादंबरीवरून 'सिंहगड' काढला. मुलाचे लग्न बाजूला ठेवून गडावर गेलेला तानाजी लोकांनी डोळे भरून पाहिला.

अशा निष्ठेपुढे आम्हीही नतमस्तक होतो. परंतु निष्ठा खालच्याने वरच्याला द्यायची, तर वरच्याने खालच्याला काय द्यायचे?

योगायोग असा की, १९२५ या एकाच वर्षी दोन्ही देशांतील चित्रपटांनी हा प्रश्न विचारला. बुंतारो फुतागावा यांच्या 'ओरोची'तील हेइझाबुरो हा हलक्या दर्जाचा सामुराई. मनाने सरळ. उच्च दर्जाचा तरुण त्याचा अपमान करतो, दोष मात्र यालाच लागतो. गुरुगृह सुटते आणि जग त्याला गुंड ठरवते. चित्रपटाचे मूळ नावच 'गुंड' अशा अर्थाचे होते. ते सेन्सॉरला रुचले नाही.

पेंटरांच्या 'सावकारी पाश'मध्ये तलवार नाही, गड नाही. व्ही. शांताराम यांनी साकारलेला तरुण शेतकरी सावकाराच्या कपटाने जमीन गमावतो आणि शहरात मजूर होतो.

ही कथा आपल्या शिरूर-दौंडला परकी नव्हती. शिरूर तालुक्यातील करडे गावाने १८७४च्या अखेरीस सावकारावर बहिष्कार टाकला होता. मे १८७५मध्ये सुपे येथे दंगा उसळला. सुपे आज बारामती तालुक्यात असले, तरी तेव्हा ते भीमथडीत, म्हणजे दौंडच्या गावांबरोबर एकाच तालुक्यात होते. लोकांचा रोख माणसांपेक्षा कर्जखतांवर होता; ती हिसकावून जाळण्यात आली. त्यानंतर १८७९ साली दख्खन शेतकरी साहाय्य कायदा झाला. आपल्या शाळेतील कित्येक मुलांच्या पूर्वजांनी हे दिवस पाहिले असतील.

पेंटरांना हा विषय सोडवला नाही. १९३६ साली त्यांनी 'सावकारी पाश' पुन्हा काढला, या वेळी बोलपट म्हणून.