बांधकाम-निर्बंधांची न्यायालयीन अंमलबजावणी : मरडू आणि डहाणू

पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील प्रदेशातील बांधकाम-निर्बंध हे सामान्य नगररचनेच्या नियमांहून एका बाबतीत भिन्न असतात. साधा नियम मोडला गेल्यास दंड आकारून तो दोष काही अंशी भरून काढता येतो. परंतु पाणथळ जमिनीवर भराव पडून इमारत उभी राहिली, की पाण्याचा मार्गच बदलतो. म्हणून असा निर्बंध कोणत्या टप्प्यावर अंमलात आला, यावर त्याचे सारे फलित अवलंबून असते. केरळातील मरडू व महाराष्ट्रातील डहाणू या दोन प्रकरणांची तुलना केली असता ही गोष्ट स्पष्ट होते.

पर्यावरण (संरक्षण) अधिनियम, १९८६ या कायद्यान्वये केंद्र सरकारने १९ फेब्रुवारी १९९१ रोजी किनारा नियमन क्षेत्राची अधिसूचना काढली. समुद्रकिनाऱ्याबरोबरच भरती-ओहोटी पोहोचणाऱ्या खाड्या व बॅकवॉटर यांचे काठही तीत समाविष्ट झाले. तिसऱ्या वर्गात, म्हणजे मुख्यतः ग्रामीण व तुलनेने अस्पृष्ट अशा किनारी भागांत, पाण्यालगतचा पट्टा बांधकामास निषिद्ध ठरला. एर्नाकुलम जिल्ह्यातील मरडू हे गाव केरळच्या मान्य आराखड्यात याच वर्गात होते. असे असूनही २००६ मध्ये तेथील पंचायतीने किनारा व्यवस्थापन प्राधिकरणाची संमती न घेता बहुमजली इमारतींना परवाने दिले.

२००७ मध्ये पंचायतीने कारणे दाखवा नोटिसा काढल्या. परंतु बांधकाम-व्यावसायिकांनी त्यांस केरळ उच्च न्यायालयात आव्हान दिले आणि अंतरिम आदेशांच्या छायेत बांधकाम पुढे चालू राहिले. पंचायतीच्या चुकीचे प्रायश्चित्त परवानाधारकांनी का घ्यावे, या स्वरूपाचा युक्तिवाद उच्च न्यायालयात ग्राह्य ठरला. किनारा व्यवस्थापन प्राधिकरणाने त्याविरुद्ध केलेल्या अपिलावर सर्वोच्च न्यायालयाने ८ मे २०१९ रोजी निर्णय दिला व एका महिन्याच्या आत इमारती हटविण्याचा आदेश केला. अधिसूचनेने निषिद्ध केलेल्या जागी सक्षम प्राधिकरणाच्या संमतीवाचून दिलेला परवाना बांधकामास वैधता देऊ शकत नाही, हे या निर्णयाचे मुख्य सूत्र होय. अनिर्बंध बांधकामाने पाण्याचा नैसर्गिक प्रवाह अडतो व त्यातून आपत्ती ओढवते, याकडेही न्यायालयाने लक्ष वेधले.

हे सूत्र तर्कदृष्ट्या निर्दोष आहे. अंतरिम आदेशाच्या काळात उभ्या राहिलेल्या विटांना हक्काचे स्वरूप दिले, तर दाव्याचा विलंब हाच कायदा मोडण्याचा सोयीस्कर मार्ग ठरेल. तथापि या तर्काची किंमत कोणी चुकविली, हेही पाहिले पाहिजे. ११ व १२ जानेवारी २०२० रोजी चार गृहसंकुले नियंत्रित स्फोटांनी पाडण्यात आली. आयुष्याची पुंजी घालून घरे घेतलेली शेकडो कुटुंबे बेघर झाली. न्यायालयाने प्रत्येक सदनिकाधारकास २५ लाख रुपयांची अंतरिम भरपाई देवविली, ती प्रथम राज्य सरकारने देऊन बांधकाम-व्यावसायिकांकडून वसूल करावी, असे ठरविले. परवाना देण्यात ज्यांचा काडीमात्र हात नव्हता, त्यांच्याच वाट्याला सर्वांत मोठा आघात आला.

याच्या उलट टोकाला डहाणूचे उदाहरण आहे. २० जून १९९१ च्या अधिसूचनेने डहाणू तालुका पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील घोषित झाला व तेथील उद्योगांसाठी कमाल ५०० एकरांची मर्यादा ठरली. १९९६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने केवळ निर्णय देऊन न थांबता अंमलबजावणीसाठी स्वतंत्र प्राधिकरण नेमण्याचा निर्देश दिला. त्याचे अध्यक्षपद निवृत्त न्यायमूर्ती चंद्रशेखर धर्माधिकारी यांच्याकडे आले. १९९८ मध्ये या प्राधिकरणाने वाढवण बंदराचा प्रस्ताव नाकारला, आणि तोही भरावाची पहिली पाटी पडण्यापूर्वी. मात्र अशी संस्थाही कायमची तटबंदी नव्हे; याच प्राधिकरणाने २०२३ मध्ये वाढवणच्या नव्या प्रस्तावास सशर्त संमती दिली, हे विसरून चालणार नाही.

दोन्ही प्रकरणांत न्यायालयाचे अधिकार सारखेच होते. भिन्न होती ती वेळ. मरडूत न्यायालय शेवटी पोहोचले, म्हणून त्याच्या हाती सुरुंगावाचून उपाय उरला नाही. डहाणूत ते आरंभीच पोहोचले, म्हणून नकाराचे एक पत्र पुरेसे झाले. अभ्यासकाने यावरून एक निष्कर्ष काढावा. निर्बंधाची खरी कसोटी परवाना देणाऱ्या कार्यालयात, आणि ती चुकल्यास बांधकाम थांबविण्याच्या पहिल्या अंतरिम अर्जावर लागते. त्या टप्प्यावर बांधकाम ‘जैसे थे’ ठेवण्याचा आदेश झाला, तर निसर्ग व खरेदीदार या दोघांचेही रक्षण होते. तो न झाल्यास अंतिम निर्णय कितीही न्याय्य असला, तरी दोघांपैकी एकाचे नुकसान अटळ होते.