पडद्याआडचा दुरुस्तीवाला

दोस्तांनो, प्रकल्प उद्या द्यायचाय आणि कॉम्प्युटर नेमका आजच गोगलगाय झालाय! गेम नाही, गाणी नाहीत, तरी आतला पंखा घूं घूं करतोय. अशा वेळी कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप या तीन कळा एकदम दाबा. विंडोज असेल तर टास्क मॅनेजर उघडेल. आत्ता आत कोण कोण काम करतंय, त्याचा हा हजेरीपटच! त्यात तुम्ही न बोलावलेली बरीच मंडळी दिसतील. एखाद्याच्या नावात चक्क 'अपडेटर' असतं. वाटतं, हाच तो आगाऊ, टाका बंद करून!

थांबा हं. हा करतो काय, ते आधी बघू.

सॉफ्टवेअर माणसंच लिहितात. लाखो ओळी लिहिताना चुका राहतातच. काही चुका तर उघड्या राहिलेल्या खिडकीसारख्या; चोराच्या आधी आपण ती लावायला हवी. म्हणून ब्राउझरसारखे प्रोग्रॅम सोबत एक मदतनीस आणतात. तो ठरावीक वेळाने जागा होतो आणि कंपनीच्या सर्व्हरला विचारतो, "आमच्याकडे अमुक क्रमांकाची आवृत्ती आहे. नवी आलीय का?" 'नाही' म्हटलं की पुन्हा झोपतो. आली असेल तर ती उतरवून घेतो आणि तिच्यावरची डिजिटल सही तपासतो. फाइल कंपनीचीच आहे ना? वाटेत कुणी ढवळाढवळ नाही ना केली? मगच ती बसवतो. पण चालत्या सायकलचं चाक बदलता येईल का? तसंच वापरात असलेल्या फाइलचं. म्हणून तर 'रिस्टार्ट करा' असा लकडा!

आता २०१७ सालची गोष्ट ऐका. विंडोजमधली अशीच एक खिडकी बंद करणारी दुरुस्ती मायक्रोसॉफ्टने १४ मार्चला दिली. पुष्कळांनी ती बसवलीच नाही. १२ मेला 'वॉनाक्राय' नावाचा किडा त्याच खिडकीतून घुसला. फाइलींना कुलूप घालायचं आणि किल्लीसाठी खंडणी मागायची, हा त्याचा धंदा. सुमारे १५० देशांतले दोन लाखांहून जास्त कॉम्प्युटर सापडले. इंग्लंडमधल्या सरकारी रुग्णालयांत रुग्णांच्या ठरलेल्या भेटी रद्द कराव्या लागल्या. दुरुस्ती हातात येऊन जवळजवळ दोन महिने झाले होते, बरं का!

पण दुरुस्तीवालाही चुकतो. १९ जुलै २०२४ला क्राउडस्ट्राइक या सुरक्षा कंपनीने पाठवलेल्या एका सदोष अपडेटने सुमारे ८५ लाख विंडोज कॉम्प्युटर आडवे केले. आपल्याकडच्या विमानतळांवर काही प्रवाशांना हाताने लिहिलेले बोर्डिंग पास मिळाले! तरी माझं मत विचाराल, तर असा दिवस क्वचित. उघडी खिडकी मात्र रोजची.

मग घाईच्या वेळी करायचं काय? विंडोज अपडेटच्या सेटिंगमध्ये 'पॉज' आहे, तो वापरा. नेटचा डेटा मोजका असेल, तर 'मीटर्ड कनेक्शन' चालू करा, म्हणजे बहुतेक मोठी उतरवणी थांबते. कायमचं बंद मात्र करू नका.

एखाद्या नावाची शंका येते? त्यावर उजवी क्लिक करून 'ओपन फाइल लोकेशन' निवडा. मग त्या फाइलच्या 'प्रॉपर्टीज'मध्ये 'डिजिटल सिग्नेचर्स' बघा. तिथे ओळखीच्या कंपनीचं नाव नसेल, तर आईबाबांना दाखवा. आणि सिनेमाच्या एखाद्या साइटवर "तुमचं सॉफ्टवेअर जुनं झालंय, इथे क्लिक करा" अशी पाटी नाचायला लागली, तर तो आपला दुरुस्तीवाला नव्हे. ती खिडकी बंद करा. खरा दुरुस्तीवाला असा रस्त्यात गाठत नाही.

आणि हो, प्रकल्प आधी सेव्ह करा. मग रिस्टार्ट!