मागावाचून वीण
मृणालिनी मुखर्जी आणि बडोद्याची कलाशाळा

वस्त्र म्हटले की माग आठवतो. उभ्या धाग्यांचा ताणा ताणून बसवलेला असतो, धोट्याबरोबर बाणा आडवा धावतो आणि फणीच्या प्रत्येक ठोक्यासरशी कापड थोडे थोडे वाढत जाते. माग विणकराला वेग देतो, नेमकेपणा देतो. परंतु त्याबरोबर काही मर्यादाही घालून देतो. कापडाचा पन्हा मागाच्या रुंदीने ठरतो आणि निपजणारे कापड बहुधा सपाट व चौकोनी असते. मागाचे साहाय्य न घेता, दोरीत दोरी गुंतवून नुसत्या गाठींनी आकार उभा करण्याची दुसरी एक रीत आहे आणि ती फार प्राचीन आहे. दह्यादुधाचे शिंके, बैलाची मुसकी, कोळ्याचे जाळे ही सारी त्याच कुळातली. या कामाला दोन हात, दोरी आणि पुष्कळ धीर एवढे पुरते.

ही घरगुती रीत ज्यांनी माणसाहून उंच अशा शिल्पांपर्यंत नेली, त्या मृणालिनी मुखर्जी (१९४९–२०१५) बडोद्याच्या विद्यार्थिनी होत. त्यांना विणकर म्हणावे की शिल्पकार, हा प्रश्न त्यांच्या हयातीत वारंवार उपस्थित झाला. या प्रश्नामागे हस्तकला आणि कला यांतील उच्चनीचतेची एक जुनी समजूत दडलेली आहे. ती समजूत बडोद्याच्या वर्गांत कशी सैल झाली आणि त्यातून काय निष्पन्न झाले, हे सांगण्याचा येथे हेतू आहे.

बडोद्यात हाताच्या कामाला विद्येचा मान मिळण्यास फार पूर्वीच प्रारंभ झाला होता. महाराज सयाजीराव गायकवाड यांनी १८९० साली येथे कलाभवन स्थापन केले. रसायनशास्त्रज्ञ त्रिभुवनदास गज्जर यांच्या मार्गदर्शनाखाली तेथे विणकाम, रंगकाम, सुतारकाम, यंत्रविद्या असे विषय शिकवले जाऊ लागले. चित्रपटमहर्षी दादासाहेब फाळके हे याच कलाभवनाचे विद्यार्थी. पुढे १९४९ मध्ये महाराजा सयाजीराव विद्यापीठ स्थापन झाले. हंसाबेन मेहता त्याच्या पहिल्या कुलगुरू झाल्या आणि लवकरच ललितकला विद्याशाखेचे काम सुरू झाले. नारायण श्रीधर बेंद्रे यांनी चित्रकला विभाग आणि शंखो चौधुरी यांनी शिल्पकला विभाग उभारला. कलेचे शिक्षण विद्यापीठाच्या पदवीपर्यंत नेण्याचा हा प्रयोग त्या काळी नवा होता.

१९५१ मध्ये के. जी. सुब्रमण्यन या विद्याशाखेत शिक्षक म्हणून आले. शांतिनिकेतनात ते बिनोदबिहारी मुखर्जी यांच्या हाताखाली शिकले होते. कारागीर आणि कलावंत यांच्यामध्ये भिंत नसावी, हा तेथील संस्कार त्यांनी बडोद्यात आणला. १९५९ ते १९६१ या काळात ते अखिल भारतीय हातमाग मंडळात, मुंबई येथे, आकृतिबंधाचे काम पाहत होते. विणकरांच्या सहवासात त्यांनी धाग्याचा स्वभाव जवळून पाहिला आणि पुढे स्वतःही धाग्यातून कलाकृती घडवल्या. १९६१ पासून विद्याशाखेत ललितकला मेळा भरू लागला. त्यात अध्यापक आणि विद्यार्थी मिळून खेळणी व नित्योपयोगी वस्तू घडवीत आणि विकीत. ज्या आवारात तैलचित्राचा अभ्यास चाले, त्याच आवारात लाकडी खेळणेही तितक्याच गांभीर्याने घडवले जाई.

या वातावरणात १९६५ मध्ये मृणालिनीबाई दाखल झाल्या. त्यांचा जन्म मुंबईचा; बालपण डेहराडून आणि शांतिनिकेतन येथे गेले. बिनोदबिहारी हे त्यांचे वडील आणि शिल्पकार लीला मुखर्जी या त्यांच्या आई. १९५७ च्या सुमारास वडिलांची दृष्टी गेली. तरीही कागद कातरून, आकार हातांनी चाचपून त्यांनी चित्रनिर्मिती चालू ठेवली. मृणालिनीबाईंनी १९७० पर्यंत चित्रकलेचे शिक्षण घेतले आणि पुढील दोन वर्षे सुब्रमण्यन यांच्या मार्गदर्शनाखाली भित्तिशिल्पाचा अभ्यास केला. आसपास सहज मिळणाऱ्या द्रव्यांतून काम करण्यावर या अभ्यासक्रमाचा भर होता. तेथेच त्या दोरीकडे वळल्या, आणि पुढील सुमारे पंचवीस वर्षे वाखाची दोरी हेच त्यांचे प्रमुख माध्यम राहिले. १९७२ मध्ये दिल्लीच्या श्रीधराणी कलादालनात त्यांचे पहिले एकल प्रदर्शन भरले.

त्यांची कार्यपद्धती समजून घेणे उद्बोधक ठरेल. तागाच्या जातीच्या वाखाची दोरी, जिला उत्तरेकडे ‘सन’ म्हणतात, ती त्या बाजारातून आणीत. दोरी निवडून, उकलून, तिचे काही भाग जांभळा, तांबूस, पिवळा, हिरवा अशा रंगांत रंगवले जात. मग गाठी घालण्यास प्रारंभ होई. पूर्वरेखाटन बहुधा नसे. पुढे काय व्हायचे ते आधीच्या ओळीवर ठरे. मागावर पन्हा ठरलेला असतो. गाठींच्या कामात मात्र हवी तेथे नवी दोरी जोडून पट रुंद करता येतो, दोऱ्या कमी करून निमुळता करता येतो, गोल फिरवून पोकळ करता येतो, घडी पाडून ओठ, पाकळी, कवच यांसारखे आकार काढता येतात. गाठी घट्ट आवळल्या की मऊ दोरीलाही ताठपणा येतो. मोठ्या आकारांना आतून धातूच्या सांगाड्याचा आधार दिला जाई. काही शिल्पे छतापासून टांगलेली असत. एकेका शिल्पाला कित्येक महिने, क्वचित वर्षही लागे. घाई करण्याची सोय या कामात मुळी नव्हतीच, कारण प्रत्येक गाठ हातानेच घालावी लागे.

या गाठींतून जे आकार उभे राहिले त्यांना त्यांनी भारतीय परंपरेतील नावे दिली: ‘नागदेवता’, ‘देवी’, ‘रुद्र’, ‘यक्षी’, ‘वनश्री’, ‘आदिपुष्प’. या मूर्ती शास्त्रोक्त नव्हेत आणि पूजेसाठीही नव्हेत. तथापि अंधाऱ्या गाभाऱ्यात मूर्तीसमोर उभे राहिल्यावर मनात जो दरारा उत्पन्न होतो, त्याच्याशी नाते सांगणारे काहीतरी या शिल्पांत आहे. त्यांत वनस्पती आणि मानवी देह एकमेकांत मिसळून गेलेले दिसतात. उमलणारे फूल कोठे संपते आणि देह कोठे सुरू होतो हे सांगणे कठीण होते.

जगाच्या पाठीवर याच सुमारास धाग्याच्या कलेत मोठी उलथापालथ होत होती. १९१९ मध्ये जर्मनीत सुरू झालेल्या बाउहाउस या आधुनिक कलाशाळेत स्त्रियांना प्रवेश होता. परंतु त्यांतील बहुतेकींची रवानगी विणकाम शाळेकडे होई. तेथूनच गुंटा श्ट्योल्त्स्ल आणि अ‍ॅनी आल्बर्स यांनी आधुनिक वस्त्रकलेचा पाया घातला. १९४९ मध्ये न्यूयॉर्कच्या आधुनिक कलासंग्रहालयात आल्बर्स यांचे स्वतंत्र प्रदर्शन भरले. पुढे पोलंडच्या माग्दालेना अबाकानोविच यांनी विणलेले पट भिंतीवरून उतरवून अवकाशात टांगले. आपल्याकडे मुंबईच्या नेली सेठना अमेरिकेतील क्रॅनब्रुक येथे विणकाम शिकून आल्या आणि त्यांनी मागाला आधुनिक रूप दिले. मृणालिनीबाईंची वाट याहून वेगळी होती. त्यांनी माग वापरलाच नाही, आणि भिंतीचा आश्रय सोडून वाखाला मूर्तीप्रमाणे उभे केले.

या वेगळेपणाची किंमतही मोजावी लागली. शिल्प म्हणजे दगड, लाकूड किंवा धातू, अशी धारणा रूढ होती. दोरी आणि गाठ म्हटले की फावल्या वेळचे बायकी काम, अशी सहज समजूत. मृणालिनीबाईंचा आग्रह मात्र अखेरपर्यंत हाच राहिला की आपण शिल्पकार आहोत. १९९४ मध्ये ऑक्सफर्डच्या आधुनिक कलासंग्रहालयात त्यांच्या कामाचे प्रदर्शन भरले. त्यानंतर त्या भाजलेल्या मातीकडे आणि पुढे ब्राँझकडे वळल्या. २०१५ च्या जानेवारीत दिल्लीच्या राष्ट्रीय आधुनिक कलासंग्रहालयात त्यांच्या समग्र कार्याचे प्रदर्शन उघडले. त्यानंतर आठवड्याभरातच, २ फेब्रुवारीला, त्यांचे निधन झाले. जगाची खरी दाद त्यानंतर आली: २०१९ मध्ये न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयाने त्यांच्या कामाचे सिंहावलोकन घडवले आणि २०२२ मध्ये व्हेनिसच्या द्वैवार्षिक प्रदर्शनात ‘रुद्र’, ‘देवी’ आणि ‘वनश्री’ मांडली गेली.

हे यश उशिरा आले याची खंत वाटणे स्वाभाविक आहे. परंतु एका शाळेने काढलेल्या पुस्तिकेत त्याहून महत्त्वाची एक गोष्ट नोंदवली पाहिजे. आपल्या शाळांतून शिवणकाम, विणकाम, कार्यानुभव यांचे तास वेळापत्रकाच्या शेवटी असतात, आणि परीक्षा जवळ आली की तेच प्रथम गणिताला किंवा विज्ञानाला दिले जातात. हाताचे काम बुद्धीला पोषक नाही, असे आपण तोंडाने म्हणत नाही. आपले वेळापत्रक ते म्हणते. मृणालिनीबाईंचे कार्य याचे उत्तर आहे. गाठ घालणे ही पाठ केलेली क्रिया नव्हे. प्रत्येक ओळीनंतर थांबून पाहावे लागते, भार कोठे पडेल याचा हिशेब करावा लागतो, चुकलेली गाठ सोडवून पुन्हा घालावी लागते. या अर्थाने हात विचारच करीत असतात.

अशी विद्यार्थिनी घडण्यासाठी फार मोठी साधनसामग्री लागली नाही. कारागिराच्या कामाला विद्या मानणारी एक शाळा लागली, आणि दोरी हेही शिल्पाचे द्रव्य होऊ शकते असे मानणारे एक शिक्षक लागले. बडोद्यात ही दोन्ही होती. बाजारात कोणालाही मिळणारी ती दोरी मूल्यवान ठरली ती एवढ्यामुळेच.