भूमिका कोण लिहितो? : नट आणि कार्यकर्ता खालिद अब्दल्ला

सिनेमाच्या पानावर नटनट्यांची लग्ने, त्यांच्या गाड्या आणि त्यांची भांडणे यांच्या बातम्यांना तोटा नसतो. परंतु एखाद्या नटाच्या वाट्याला कोणत्या भूमिका येतात, त्या त्याच्याच वाट्याला का येतात आणि हे सारे ठरवतो कोण, हा प्रश्न तेथे सहसा कोणी विचारीत नाही. आम्हांला मात्र हाच प्रश्न महत्त्वाचा वाटतो. पडद्यावर नोकर कोण, चोर कोण, दहशतवादी कोण आणि नायक कोण, हे बघत बघतच आपली मुले मोठी होत असतात. जे पडद्यावर वारंवार दिसते तेच पुढे खरे वाटू लागते.

म्हणून आज आम्ही वाचकांना खालिद अब्दल्ला या नटाची ओळख करून देत आहोत. ते इजिप्शियन वंशाचे ब्रिटिश नागरिक आहेत. आपले नाव आणि आपला चेहरा पाहून दुसऱ्यांनी लिहून ठेवलेली भूमिका त्यांनाही मिळाली. पण ते तेथेच थांबले नाहीत.

तुरुंग पाहिलेले घराणे

खालिद अब्दल्ला यांचा जन्म २६ ऑक्टोबर १९८० रोजी स्कॉटलंडमधील ग्लासगो शहरात झाला. आईवडील इजिप्तचे. वडील डॉ. होसाम अब्दल्ला आणि त्यांच्या आधी आजोबा, दोघांनीही इजिप्तमधील सत्तेला विरोध केला आणि दोघांनीही राजकीय कैदी म्हणून तुरुंगवास भोगला. म्हणजे चळवळ हा शब्द खालिद यांना पुस्तकात भेटला नाही, तो घरातच होता.

बालपण लंडनमध्ये गेले. शाळेतच नाटकाचे वेड लागले. १९९८ साली एडिंबराच्या प्रसिद्ध फ्रिंज महोत्सवात त्यांनी फ्रँक मॅकगिनेस यांचे एक नाटक दिग्दर्शित केले. लेबनॉनमध्ये ओलीस धरलेल्या तीन परदेशी माणसांची ती गोष्ट आहे. त्या नाटकात ओलीस धरणारे अरब रंगमंचावर कधी येतच नाहीत. पुढे केंब्रिज विद्यापीठाच्या क्वीन्स कॉलेजात त्यांनी इंग्रजी साहित्याचा अभ्यास केला आणि पॅरिसमध्ये फिलिप गोलिए यांच्या नाट्यशाळेत अभिनयाचे धडे घेतले.

मधल्या काळात ११ सप्टेंबर २००१ उजाडला. अमेरिकेत विमाने आदळली, हजारो निरपराध माणसे मेली. खालिद त्या वेळी वीस वर्षांचे होते. त्या दिवसानंतर युरोप-अमेरिकेत अरबी नाव घेऊन वावरणाऱ्या प्रत्येक तरुणाकडे पाहण्याची नजर बदलली. तशी ती त्या आधीही फार निर्मळ होती असे नाही. जॅक शाहीन या लेबनीज वंशाच्या अमेरिकन अभ्यासकाने नऊशेहून अधिक चित्रपट तपासून २००१ साली एक ग्रंथ लिहिला. त्यात त्यांनी दाखवून दिले की हॉलीवूडचा अरब हा बहुतेक वेळा खलनायक, लंपट शेख किंवा बाँब घेऊन धावणारा माथेफिरू असतो. आईवडील, शिक्षक, कारकून, दुकानदार अशा साध्या माणसाच्या रूपात तो क्वचितच दिसतो.

पहिलीच भूमिका अपहरणकर्त्याची

अशा काळात खालिद यांना मोठ्या पडद्यावरची पहिली महत्त्वाची भूमिका मिळाली. चित्रपट होता ‘युनायटेड ९३’. त्या दिवशी अपहरण झालेल्या चारपैकी हे चौथे विमान. त्यातील ४० प्रवासी आणि कर्मचारी मृत्युमुखी पडले. दिग्दर्शक पॉल ग्रीनग्रास यांचा हा चित्रपट २००६ साली आला. खालिद यांच्या वाट्याला आला तो विमानाचा ताबा घेणारा झियाद जर्राह.

अरब नटाला मिळून मिळून काय मिळाले, तर दहशतवादी! ही टीका सोपी आहे आणि ती खोटीही नाही. परंतु चित्रपट पाहिला म्हणजे ध्यानात येते की खालिद यांनी त्या पात्राला दात-ओठ खाणारा राक्षस केलेले नाही. विमानतळावरून आपल्या माणसाला फोन करणारा, आसनावर बसल्यावर घाबरलेला, चलबिचल झालेला एक तरुण त्यांनी उभा केला. गुन्हा कमी होत नाही, पण गुन्हा करणारा माणूसच आहे हे दिसते. राक्षस म्हटले की प्रश्न संपतो. माणूस म्हटले की हा येथवर कसा आला, असे विचारावे लागते.

याच चित्रपटात दुसऱ्या अपहरणकर्त्याची भूमिका करणारे लुईस अलसामारी हे मूळचे इराकी. सद्दामच्या सैन्यातील सक्तीची नोकरी सोडून पळालेले आणि ब्रिटनमध्ये आश्रय घेतलेले. न्यू यॉर्क येथील पहिल्या खेळाला जाण्यासाठी त्यांनी अमेरिकेचा व्हिसा मागितला, तो नाकारण्यात आला. अमेरिकेच्या दुःखावरील चित्रपटात काम चालते, पण तो पाहायला अमेरिकेत यायचे नाही! यावर अधिक भाष्याची गरज नाही.

पतंगाची दोरी

२००७ साली खालिद प्रथमच नायक झाले. खालेद हुसेनी यांच्या कादंबरीवरील ‘द काइट रनर’ या चित्रपटात त्यांनी मोठ्या वयाच्या अमीरचे काम केले. अमीर हा काबूलमधील श्रीमंत पश्तुन घरातील मुलगा. त्याचा सवंगडी हसन हा त्यांच्याच घरातील नोकराचा मुलगा, हजारा जमातीचा. दोघे एकत्र पतंग उडवतात, पण एक मालक आणि एक चाकर हे दोघांनाही ठाऊक असते. एके दिवशी दांडग्या मुलांनी हसनवर घोर अत्याचार केला. अमीर आडोशाला उभा राहून पाहत राहिला. पुढे यात भर म्हणून त्याने हसनवरच चोरीचा आळ घातला.

अफगाणिस्तानात हजारांनी पिढ्यान्‌पिढ्या काय सोसले, ते आमच्या वाचकांना फोड करून सांगण्याचे कारण नाही. १८९० च्या दशकात अमीर अब्दुर रहमानच्या फौजांनी हजारांचा उठाव चिरडला, त्यांच्या जमिनी घेतल्या, बायकामुलांना गुलाम म्हणून विकले. हलकी कामे, हलकी वागणूक आणि ‘हजारा’ हा शब्दच शिवीसारखा. नावे वेगळी, देश वेगळा, धर्म वेगळा. रचना मात्र ओळखीची आहे.

खालिद यांच्या भूमिकेचे मोल येथे आहे. अमीर हा अन्याय सोसणारा नव्हे, अन्याय पाहून गप्प बसणारा आहे. बऱ्याच वर्षांनी अमेरिकेतून तो काबूलला परत जातो आणि हसनच्या अनाथ मुलाला घेऊन येतो. शेवटी आपल्या पश्तुन सासऱ्याला तो बजावतो की या मुलाला पुन्हा ‘हजारा पोर’ म्हणायचे नाही, त्याला नाव आहे. आम्हांला हा प्रसंग सर्वांत मोठा वाटला. ज्याच्या हाती मान आहे त्याने आपल्याच पंक्तीत बसून आपल्याच माणसाला अडवणे, हे फार थोड्यांना जमते.

या भूमिकेसाठी खालिद काबूलमध्ये सुमारे महिनाभर राहिले आणि दरी भाषा शिकले. अरबी त्यांची घरची, पण दरी निराळी. अफगाणिस्तानात चित्रीकरण धोक्याचे म्हणून ते चीनमधील काशगर येथे झाले. अत्याचाराच्या प्रसंगामुळे बालकलाकारांच्या जिवाला धोका निर्माण होईल या भीतीने प्रदर्शन काही आठवडे लांबवण्यात आले आणि त्या मुलांना संयुक्त अरब अमिरातीत हलवण्यात आले. २००८ साली अफगाण सरकारने चित्रपटावर बंदी घातली. जातिभेदासारखे दुखणे पडद्यावर आले की दुखणे बरे करण्यापेक्षा पडदा झाकणे सोपे, हा अनुभव जगभर सारखाच!

२०१० सालच्या ‘ग्रीन झोन’मध्ये ते फ्रेडी झाले. इराण-इराक युद्धात पाय गमावलेला हा साधा इराकी अमेरिकन सैनिकाला मदत करतो. पण अखेरीस त्याला सुनावतो की येथे काय व्हावे हे ठरवणारे तुम्ही नव्हेत.

मुक्ती चौकात

२५ जानेवारी २०११ रोजी इजिप्तमध्ये लोक रस्त्यावर उतरले. भाकरी, स्वातंत्र्य आणि सामाजिक न्याय या त्यांच्या मागण्या होत्या. केंद्र होते कैरोचा तहरीर चौक. तहरीर म्हणजे मुक्ती. अठरा दिवसांनी, ११ फेब्रुवारीला, तीस वर्षे सत्ता भोगलेले होस्नी मुबारक पायउतार झाले. खालिद त्या लोकांत होते. हॉलीवूडचे दार उघडले असताना हा नट चौकात तंबू ठोकून बसलेल्यांबरोबर राहिला.

सरकारी दूरदर्शन त्या वेळी निराळेच चित्र दाखवीत होते. म्हणून खालिद आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ‘मोसिरीन’ हा गट उभा केला. मोसिरीन म्हणजे निर्धाराने ठाम उभे राहिलेले. आणि या शब्दात इजिप्तचे अरबी नाव ‘मसर’ हेही ऐकू येते. लोकांनी मोबाइलवर, साध्या कॅमेऱ्यांवर जे टिपले ते गोळा करायचे, जुळवायचे, फुकट सर्वांना द्यायचे आणि तरुणांना कॅमेरा चालवायला शिकवायचे, असे त्यांचे काम होते. जुलै २०११ मध्ये चौकातच पडदा लावून ‘तहरीर सिनेमा’ सुरू झाला. ज्यांनी दगड-काठ्या खाल्ल्या, तेच लोक संध्याकाळी आपले चित्र पाहू लागले.

९ ऑक्टोबर २०११ रोजी कैरोच्या मास्पेरो भागात, सरकारी दूरदर्शनच्या इमारतीसमोर, प्रामुख्याने कॉप्टिक ख्रिस्ती असलेल्या निदर्शकांवर लष्कराची वाहने घातली गेली, दोन डझनांहून अधिक माणसे मेली. सरकारी वाहिनी उलट निदर्शकांनीच सैन्यावर हल्ला केल्याचे सांगत होती. मोसिरीनने प्रत्यक्ष चित्रण लोकांपुढे ठेवले.

क्रांतीचे पुढे काय झाले ते जगाने पाहिले. जुलै २०१३ मध्ये लष्कराने निवडून आलेल्या अध्यक्षांना हटवले. नोव्हेंबर २०१३ मध्ये निदर्शनांवर कडक निर्बंध घालणारा कायदा आला. अनेकजण तुरुंगात गेले. जेहान नुजैम यांचा ‘द स्क्वेअर’ हा माहितीपट (२०१३) या सर्वांची साक्ष देतो. त्यातील प्रमुख व्यक्तींपैकी खालिद एक आहेत. संगणकाच्या पडद्यावरून ते दूर असलेल्या वडिलांशी बोलतात, तेव्हा दोन पिढ्यांचे कार्यकर्ते समोरासमोर येतात. या माहितीपटाला ऑस्करचे नामांकन मिळाले, पण इजिप्तमध्ये त्याच्या प्रदर्शनाला परवानगी मिळाली नाही. तामेर अल सईद यांच्या ‘इन द लास्ट डेज ऑफ द सिटी’चीही तीच गत. क्रांतीपूर्वीच्या कैरोवरील या चित्रपटात खालिद नायक होते आणि निर्मितीतही सहभागी होते. २०१६ साली बर्लिनच्या महोत्सवात त्याचे कौतुक झाले, तर त्याच वर्षी कैरोच्या महोत्सवातून तो वगळण्यात आला.

नोंद राहिली पाहिजे

मग सारे फुकट गेले काय? आम्ही कारकुनी करणारी माणसे. इतक्या वर्षांच्या नोकरीत एक गोष्ट पक्की शिकलो : ज्याची नोंद नाही ते घडलेच नाही, असे धरले जाते. फाइल हरवली की माणसाचा हक्कही हरवतो. म्हणूनच मोसिरीनचे पुढचे काम आम्हांला त्यांच्या इतर कामाइतकेच मोलाचे वाटते. जानेवारी २०१८ मध्ये त्यांनी ८५८ तासांचे चित्रण संग्रहाच्या रूपाने इंटरनेटवर सर्वांसाठी खुले केले. संग्रहाचे नावच ‘८५८’. उद्या कोणी म्हणाले की त्या चौकात कोणी नव्हते, कोणावर गोळी चालली नाही, तर उत्तर द्यायला ८५८ तासांची नोंद आहे.

पुन्हा पडद्यावर

पुढे ‘द क्राउन’ या गाजलेल्या मालिकेत (२०२२ आणि २०२३) खालिद यांनी डोडी फायेद साकारले. ३१ ऑगस्ट १९९७ रोजी पॅरिसच्या मोटार अपघातात राजकुमारी डायनाबरोबर डोडी आणि मोटारचालक हेही मरण पावले. जगाने अश्रू ढाळले ते एकीसाठी. श्रीमंत बापाचा छानछोकीत रमलेला मुलगा, एवढीच डोडी यांची ओळख वृत्तपत्रांनी ठेवली होती. खालिद यांनी त्यांना भित्रा, प्रेमळ, वडिलांच्या अपेक्षांखाली दबलेला माणूस म्हणून उभे केले.

२०२४ साली ‘द डे ऑफ द जॅकल’ या मालिकेत ते अब्जाधीश तंत्रज्ञ उले डाग चार्ल्स झाले. या पात्राच्या नावात अरबपण नाही आणि गोष्टीलाही त्याची गरज नाही. अपहरणकर्त्यापासून येथवर यायला अठरा वर्षे लागली. त्याच साली लंडनच्या बॅटरसी आर्ट्स सेंटरमध्ये त्यांनी ‘नोव्हेअर’ हा एकपात्री प्रयोग केला. त्यात कुटुंबाची कहाणी आहे, क्रांती आहे, गमावलेले मित्र आहेत आणि आपण नेमके कुठले, हा प्रश्न आहे. ही भूमिका मात्र त्यांना कोणी लिहून दिली नव्हती, ती त्यांनी स्वतःच लिहिली.

वाचक बंधु-भगिनींनो, प्रत्येकाला नट होता येणार नाही, त्याची गरजही नाही. पण घरात टीव्ही किंवा मोबाइलवर सिनेमा लागला की शेजारी बसलेल्या मुलामुलींना दोन प्रश्न अवश्य विचारा. ही गोष्ट कोण सांगत आहे? आणि ज्याची गोष्ट आहे त्याला बोलायला मिळाले काय? उत्तर नाही असे आले, तर आपल्या वस्तीची, आपल्या घरातील म्हाताऱ्यांची, आपल्या लढ्याची गोष्ट वहीत लिहून ठेवायला त्यांना सांगा. मोबाइल हाताशी असेल तर त्यावर टिपून ठेवा, तारीख घाला, नावे घाला. आपली भूमिका आपण लिहिली नाही, तर ती लिहायला दुसरे टपलेलेच असतात.