पिठाच्या पाण्यातले देव

शहापुरात एका रिक्षाथांब्यामागच्या भिंतीवर ऑइलपेंटने वारली चित्र काढलंय. फेर धरून नाचणारी माणसं, मध्ये तारपेवाला, कडेला दोन ताड. अशी भिंत आता कुठे नसते? पण तिथला रिक्षावाला तंबाखू मळता मळता म्हणाला, "हे पेंटरनं काढलंय. आमच्या पाड्यावरची म्हातारी आधी सपनात बघते, मग लिहिते." ते वाक्य काही डोक्यातून जाईना. वैशाखात त्याच्या पुतण्याचं लग्न निघालं, तेव्हा डोळखांबच्या पलीकडे त्यांच्या पाड्यावर जाऊन बसले.

घर कुडाचं, कारवीच्या काठ्यांवर शेणमातीचं लिंपण. त्यावर सकाळीच गेरू फिरवला होता. तांदूळ भिजवून वाटून झाले होते. कुंचला म्हणजे टोकाशी चावून मऊ केलेली बांबूची काडी. साहित्य एवढंच.

पाण्यावरून मात्र कुरबुर झाली, कारण टँकर आला नव्हता. मुंबईच्या नळांना येणाऱ्या पाण्यात सगळ्यात मोठा वाटा भातसा धरणाचा, आणि ते धरण याच तालुक्यातलं. तानसाही इथलाच. पिठात घालायचं पाणी मात्र घरच्या बाईने वाटीने मोजून दिलं.

म्हसाच्या जत्रेतून आणलेल्या घोंगडीवर आजी बसली होती. तिने आधी चौकट आखली, मग चौकटीच्या आत चौकट, मग साखळीसारखी नक्षी. मोजमाप नाही, दोरी नाही. ओल्या गेरूचा आणि किंचित आंबलेल्या पिठाचा वास खोलीत कोंडला होता. पुढे कितीतरी दिवस भाताचं पातेलं उघडलं की मला तोच वास यायचा.

खोलीत खिडकी नव्हती. ओलं पीठ भिंतीवर आधी दिसतच नाही, सुकत जातं तसं पांढरं होतं. त्यामुळे आजी काढत होती ते मला दिसत नव्हतं आणि दिसत होतं ते तिने मघाशीच काढून सोडलेलं होतं. अंधाऱ्या तांबड्या भिंतीतून एकेक हात, एकेक पाय उजळत वर येत होता. आधी घोडा आला. मग शिडी, फणी, चंद्र, सूर्य. मग मधल्या चौकात पालघट देवी, लग्नाची आणि धान्याची. शेजारच्या लहान चौकात पंचशिऱ्या. त्याला डोकं नाही, मानेतून पाच कोंब फुटलेले. असा देव कागदावर ठरवून सुचेल असं मला वाटत नाही.

"आजी, हा दिसतो कसा?"

"झोपल्यावं. उजेड घेऊन येतो."

"नाही आला तर?"

"मंग गेल्या वर्षीचाच लिवायचा." आणि हसली. मला हे फार पटलं. स्वप्नावर विसंबलेल्या माणसाने असा तोडगा हाताशी ठेवायलाच हवा.

दारात नवरदेवाचा मित्र मोबाइल घेऊन उभा होता. त्याने कुठल्याशा शिबिरात वारली शिकून घेतली आहे. "मुंबईत एका पिशवीला तीनशे मिळतात," तो म्हणाला. आजीने चौकाचे, म्हणजे लग्नाच्या या भिंतीचित्राचे, किती घेतले विचारलं, तर तांदूळ, नारळ आणि एक लुगडं. "आणि पिशवीला तीनशे," तो पुन्हा म्हणाला. त्याचं चुकतंय असं नाही. पण त्याच्या पिशवीवर मी पाहिली ती माणसं रिक्षाथांब्यावरचीच होती. पंचशिऱ्या नव्हता. "तो कोण घेणार?" हाही त्याचाच प्रश्न.

चौकाशिवाय लग्न लागत नाही, आणि चौक लिहायचा सवाशिणींनी. मग हे भिंतीवरून पिशवीवर आलं कसं? १९७०च्या दशकाच्या सुरुवातीला चित्रकार भास्कर कुलकर्णी डहाणूकडच्या पाड्यांवर गेले, त्यांनी तिथल्या लोकांना कागद दिला. त्या कागदावर रोज काढणारा माणूस निघाला गंजाडचे जिव्या सोमा म्हसे. १९७६मध्ये राष्ट्रीय पुरस्कार, २०११मध्ये पद्मश्री, मधल्या काळात जपानपर्यंत नाव. म्हसे थोर होतेच. पण ज्या बायकांच्या भिंतींवरून हे सगळं उचललं गेलं, त्यांची नावं कुणी फारशी टिपली नाहीत. या आजीचंही मी लिहीत नाही, तिनेच नको म्हटलं. लग्नाच्या गडबडीत आणि पावसाळ्याच्या ओलीत भिंत जाईल, पुढच्या लग्नाला पुन्हा सारवतील, याचं तिला काही वाटत नाही. वाटतं ते मला, आणि मोबाइलवाल्या मुलाला.

बाहेर ओट्यावर तिचा नवरा खोकत होता. मध्येच काडी ठेवून ती त्याला पाणी देऊन आली. "तो हाय तवर माझा हात चालंल," म्हणाली. विधवेने चौक लिहायचा नसतो. साठ-सत्तर वर्षांचा हात एका म्हाताऱ्याच्या छातीवर अवलंबून, हा नियम मला मुळीच मान्य नाही. तिला तो नियम वाटतच नव्हता.

पुढचा चौक मुरबाडकडे, टोकावड्याच्या बाजूला, तिच्या माहेरी. सोबतीला नात जाईल का, असं मी विचारलं. आश्रमशाळेत बारावीला असलेली नात कोपऱ्यात पीठ ढवळत होती. "मला नाही असलं काही दिसत," ती म्हणाली. "मला परीक्षेचीच स्वप्नं पडतात. पेपर सुरू झालेला असतो न् पेन सापडत नाही."

"तेच लिव मग," आजी म्हणाली, आणि घोड्याचा लगाम राहिला होता तो काढायला वळली.