म्युनिक ते मालाड: फ्रान्झ ऑस्टनची कारकीर्द

चंदनसारच्या या व्याख्यानात आज आपण एका जर्मन चित्रपट दिग्दर्शकाची कारकीर्द समजून घेणार आहोत. तिचा सगळ्यात महत्त्वाचा टप्पा जर्मनीत नाही, आपल्याच लोकलच्या मार्गावर, मालाडला पार पडला. दिग्दर्शकाचं नाव फ्रान्झ ऑस्टन.

ऑस्टनचा जन्म १८७६ चा, म्युनिकचा. मूळ आडनाव ऑस्टरमायर. घरात फोटोग्राफीचा धंदा होता आणि भाऊ पीटर पुढे चित्रपट निर्माता झाला. म्हणजे कॅमेरा आणि धंदा, दोन्ही गोष्टी घरातच होत्या. हिमांशू राय भारतीय कथेवर चित्रपट काढायला भागीदार शोधत म्युनिकला गेले, तेव्हा त्यांची गाठ याच मंडळींशी पडली. त्यातून १९२५ चा ‘प्रेम संन्यास’ झाला, मग ‘शिराज’ आणि ‘प्रपंच पाश’. तिन्ही मूकपट, तिन्ही भारतात चित्रित झालेले. मूकपटात भाषेची अडचण फारशी नव्हती, हे लक्षात ठेवू.

१९३४ मध्ये हिमांशू राय आणि देविकाराणी यांनी मालाडला बॉम्बे टॉकीज उभी केली. ऑस्टन आला, छायाचित्रकार जोसेफ विर्शिंग आला, आणखीही काही जर्मन तंत्रज्ञ आले. आता मात्र जमाना बोलपटाचा, आणि ऑस्टनला हिंदी येत नव्हतं! मग चित्रपट कसे झाले? तर कामाची वाटणी करून. कथा निरंजन पाल यांची, संवाद जे. एस. कश्यप यांचे, संगीत सरस्वतीदेवींचं. नट कुठे उभा राहील, प्रकाश कसा पडेल, प्रसंग किती लांबेल, हे ऑस्टन बघायचा. शब्द बाकीचे सांभाळायचे. अशा रीतीनं चार-पाच वर्षांत त्यानं डझनाहून जास्त चित्रपट केले. प्रयोगशाळेत काम करणारा एक तरुण याच काळात पडद्यावर आला आणि अशोककुमार झाला.

त्यातला ‘अछूत कन्या’ १९३६ चा. रेल्वे फाटकावरच्या रखवालदाराची दलित मुलगी आणि ब्राह्मण मुलगा यांची ही गोष्ट. शेवटी मुलगी गाडीखाली जाते. त्याच वर्षी बाबासाहेबांचं ‘जातिप्रथेचे उच्चाटन’ पुस्तकरूपानं आलं. बाबासाहेब जातीच्या मुळावर घाव घालत होते, चित्रपट करुणेपाशी थांबला. तरीही त्या काळच्या पडद्यावर हा विषय आणणं सोपं नव्हतं.

आता अवघड भाग. त्याच १९३६ मध्ये ऑस्टन नाझी पक्षाचा सदस्य झाला. अस्पृश्यतेविरुद्ध चित्रपट करणारा माणूस वंशद्वेषावर उभ्या असलेल्या पक्षात! हे कसं जुळवायचं? आपल्याला वाटतं, ते जुळवू नये. चित्रपटाच्या चांगुलपणानं सदस्यत्व झाकायचं नाही आणि सदस्यत्वामुळे निरंजन पाल, कश्यप, देविकाराणी यांचं कामही पुसायचं नाही. दिग्दर्शक म्हणून नाव एकाचं लागतं, पण चित्रपटात म्हणणं अनेकांचं असतं. भाषाच न येणाऱ्या दिग्दर्शकाच्या बाबतीत तर हे जास्तच खरं.

१९३९ मध्ये महायुद्ध सुरू झालं आणि इंग्रज सरकारनं इथल्या जर्मन लोकांना अटक केली. लीला चिटणीस आणि अशोककुमार यांचा ‘कंगन’ तेव्हा अर्धवट होता, तो सहाय्यकांनी पुरा केला. ऑस्टन सुटून जर्मनीला परतला. इथल्यासारखी कारकीर्द त्याला तिथे पुन्हा मिळाली नाही. १९५६ मध्ये तो वारला.

विर्शिंग मात्र युद्धकाळातल्या नजरकैदेनंतर इथेच राहिला. ‘महल’ त्यानंच चित्रित केला, ‘पाकीजा’चंही बरंचसं चित्रण त्याचंच. दोघं एकाच शहरातून एकाच स्टुडिओत आले होते. एकाची कारकीर्द युद्धानं तोडली, दुसऱ्याची इथल्या मातीत रुजली. म्हणून कारकीर्द मोजताना नुसती चित्रपटांची यादी पुरत नाही. सोबत कोण होतं, काळ कोणता होता आणि त्या काळात माणूस कोणाच्या बाजूनं उभा राहिला, हेही विचारावं लागतं. ‘अछूत कन्या’ पुन्हा बघाल, तेव्हा श्रेयनामावली शेवटपर्यंत वाचा.